लाल राजाची बारी

खोली चौदा फूट लांब आणि दहा फूट रुंद होती. माप मी टेपने घेतलं होतं, कारण त्या दिवसांत सकाळच्या वेळी करण्यासारखं दुसरं काही नव्हतं. त्यातून मोरी, ओटा आणि भिंतीलगत एकावर एक रचलेल्या ट्रंका वजा केल्या की चार माणसांना पाठ टेकायला जेमतेम जागा उरत असे. एकाने कूस बदलली तर बाकीच्या तिघांना ते कळे.

ती खोली कोणा एकाची नव्हती. लालबागमधल्या एका चाळीच्या दुसऱ्या मजल्यावरची ती आमच्या गावाच्या मंडळाची खोली. गिरण्या चालू होत्या तेव्हा गावातून मुंबईला येणारा माणूस आधी इथे उतरे. एक कामावर गेला की त्याच्या जागेवर दुसऱ्याची वळकटी पसरली जाई. गिरण्या गेल्या, खोली राहिली. तिचे नियम एका पुठ्ठ्यावर लिहून दारामागे टांगलेले होते. ट्रंक खोलीत आहे तोवर माणसाची जागा आहे, मग तो गावी सहा महिने राहिलेला असो. दुसऱ्याच्या ट्रंकेला हात लावायचा नाही. नळ, मोरी, आरसा सगळं बारीने वापरायचं, आणि पहिली बारी वयाने मोठा असेल त्याची. बारी हा शब्द गावच्या डबलबारीच्या भजनांतून आलेला. एक बुवा गातो तेव्हा दुसऱ्याने गप्प बसायचं असतं, तोच कायदा इथे मोरीला लागू होता.

साथीमुळे टाळेबंदी लागली तेव्हा मंडळाच्या पटावर अकरा नावं होती आणि खोलीत आम्ही चौघे. बाकीचे शिमग्याला गावी गेले ते तिकडेच राहिले.

सर्वांत मोठे काका. प्रभादेवीतल्या एका जुन्या कार्यालयीन इमारतीत ते लिफ्ट चालवत. निवृत्तीला दोन वर्षं होती. दुसरे आचारी, दादरच्या एका उपाहारगृहात मिसळीचा कट त्यांच्या हातचा असे. तिसरा मेकॅनिक, गिरगावात संगणक दुरुस्तीच्या दुकानात कामाला; चाळीतच वाढलेला, मालवणी समजणारा पण बोलताना मुंबईची भाषा बोलणारा. चौथा मी. एका मराठी दैनिकात उपसंपादक होतो, कार्यालयाने दिलेल्या लॅपटॉपवर संध्याकाळी पानं पाहत होतो. खोलीत मला कोणी नावाने हाक मारत नसे. मी 'पेपरवालो'.

टाळेबंदीच्या तिसऱ्या आठवड्यात पहिल्या मजल्यावर एक रुग्ण निघाला. पालिकेची माणसं आली, जिन्याच्या तोंडाशी बांबू आणि पत्रा लागला. चौदा दिवस कोणी खाली उतरायचं नाही. दूध आणि भाजी दोरीने बादलीतून वर येऊ लागली. दारासमोरच्या गॅलरीत उभं राहायला परवानगी होती, पण आपल्या दाराच्या रुंदीएवढ्याच. त्याच्या पुढे शेजाऱ्यांची हद्द.

काकांची बायको गावी अंथरुणाला खिळलेली होती. तिची डावी बाजू गेली होती आणि जीभ जड झाली होती. सून तिचं सगळं करत असे. मुलगा गोव्यात अडकला होता. काकांना गावी जायचं होतं, ती आहे तोवर. हे त्यांनी एकदाच सांगितलं आणि पुन्हा त्यावर बोलले नाहीत. रोज सकाळी मला एवढंच विचारत, "पासाचा काय इला काय तुमच्या पेपरात?" प्रवासाच्या पासाचे नियम दर दोन दिवसांनी बदलत होते आणि ती बातमी माझ्याकडेच येत होती. तिकडे गावाने वेशीवर बांबू आडवा टाकला होता. मुंबईहून येणाऱ्याला आधी चौदा दिवस शाळेत ठेवायचं, असं ठरलं होतं. म्हणजे पास मिळाला असता तरी इथले चौदा आणि तिथले चौदा.

ओट्याखाली एक जुना संगणक पडून होता. पडदा जाड, पाठीमागे फुगलेला, पांढऱ्याचा पिवळा झालेला. कुठल्याशा कार्यालयाने टाकून दिला तेव्हा मेकॅनिकने तो आणून ठेवला होता, सुटे भाग कामाला येतील म्हणून. इमारत बंद झाल्याच्या तिसऱ्या दिवशी त्याने तो पुसून ट्रंकेवर मांडला आणि सुरू केला. आत एक खेळ निघाला. वीसएक वर्षांपूर्वीचा असावा. मेकॅनिकने तो शाळेत असताना गिरगावातल्या एका सायबर कॅफेत खेळलेला होता.

खेळ राजांचा होता. प्रत्येक राजाचा एक किल्ला, एक सरदार घोड्यावर. बाहेर जंगलं, खाणी, सांगाड्यांचं सैन्य, पंखवाले सिंह, डोंगराच्या टोकाला राखण करणारा ड्रॅगन. सुरुवातीला सगळा नकाशा काळा असतो. घोडा जितका पुढे जाईल तितकी जमीन दिसते, आणि घोड्याला एका दिवसात ठरावीक पावलंच मिळतात. ती संपली की दिवस संपवायचं बटण दाबायचं. मग पडदा काळा होतो, पुढच्या राजाचा रंग त्यावर येतो आणि तो बसेपर्यंत खेळ थांबून राहतो. कितीही वेळ. घाई करणारं घड्याळ त्यात नव्हतं. कोपऱ्यात महिना, आठवडा आणि दिवस लिहिलेला असे.

एकाच यंत्रावर चौघांना खेळता येत होतं. काकांनी लाल रंग घेतला, आचाऱ्यांनी हिरवा, मी निळा, मेकॅनिकने पिवळा. एक अडचण होती. एकाचा नकाशा दुसऱ्याने पाहिला तर खेळात अर्थ राहत नाही, आणि चौदा बाय दहाच्या खोलीत दुसरीकडे बघायला जागा नव्हती. म्हणून ठरलं की ज्याची बारी तो आत, बाकीचे तिघे गॅलरीत, दार ओढून. रोज खेळातला एकच दिवस. पहिली बारी वयाप्रमाणे काकांची, दुपारी चार वाजता.

पहिले काही दिवस बाऱ्या पाच-सात मिनिटांत आटपत. मग त्या लांबू लागल्या. काकांची बारी वीस मिनिटांवर गेली, आचाऱ्यांची पाऊण तासावर. मेकॅनिक आत गेला की आतून पंख्याचा आवाज तेवढा येई. आम्ही तोंडाला रुमाल बांधून गॅलरीच्या कठड्याशी उभे राहायचो. समोरच्या चाळीच्या गॅलरीतही माणसं तशीच उभी असत.

"काकांनू, राजा झोपलो काय तुमचो?" आचारी दारावर टकटक करून विचारत.

"विचार करता," आतून उत्तर येई.

"लिफ्टीत तीस वर्सां वरखाली केलास, थंय कधी विचार करूक लागलो नाय!"

"आचारीबुवा, तुम्ही काय कमी वेळ लावता?" मेकॅनिक म्हणे. "काल मी इथे उभा राहून पूर्ण चार्जिंग संपवलं फोनचं."

"मेल्या, माझा राज्य मोठा आसा."

मला वाटत होतं, सगळे डोकं लावून खेळतायत. मीही तसाच खेळत होतो. वहीत नकाशा काढला, कोणती खाण कोणत्या दिवशी घ्यायची ते लिहून ठेवलं. बारी बारा मिनिटांत संपवत होतो आणि त्याचा मला थोडा अभिमान होता.

इमारत बंद झाल्याच्या बाराव्या दिवशी तिसऱ्या मजल्यावर दुसरा रुग्ण निघाला. पालिकेचा माणूस खालूनच ओरडून सांगून गेला की चौदा दिवस आता आजपासून धरायचे. काका तेव्हा भांडी घासत होते. त्यांनी नळ बंद केला, टोप पालथा घातला आणि भिंतीला टेकून बसले. चार वाजता बारीला मात्र उठले.

खेळातल्या दुसऱ्या आठवड्याच्या शेवटच्या दिवशी माझं सैन्य हिरव्या किल्ल्याशी पोचलं. मी लढाईची तयारी करून गेलो होतो. लढाई झालीच नाही. किल्ल्यात एक शिपाई नव्हता. आचाऱ्यांचा सरदार दाराबाहेर बाजूला उभा होता, त्याने अडवलं नाही. मी आत शिरलो. चौदा दिवसांत तिथे एक वीट रचली गेली नव्हती. मी मनात म्हटलं, माणसाला खेळ जमत नाही.

या खेळात एक नियम आहे. ज्या राजाकडे एकही किल्ला उरला नाही त्याला सात दिवस मिळतात. तेवढ्यात त्याने किल्ला मिळवला नाही तर तो बाद. त्याचा रंग पडद्यावर येत नाही, त्याची बारी येत नाही. दुसऱ्या दिवशी आचाऱ्यांच्या पडद्यावर तो इशारा आला असणार. बाहेर येऊन त्यांनी मेकॅनिककडून त्याचा अर्थ विचारून घेतला आणि मग माझ्याकडे वळले.

"माझा घर घेतलंस?"

"किल्ला घेतला," मी म्हटलं.

"सात दिवसांनी माका बारी नाय?"

"परत मिळवा ना. अजून सात दिवस आहेत."

"तुका काय गरज होती रे?"

ते थट्टेत बोलतायत असं मला वाटलं. पण त्या दिवशी त्यांनी मला चहा दिला नाही. चहा रोज तेच करत आणि चौघांना पेले भरून देत. त्या दिवशी तीन पेले भरले.

मी पुढे गेलो. चार दिवसांनी माझं सैन्य काकांच्या लाल किल्ल्यासमोर उभं राहिलं. काकांचा सरदार किल्ल्याच्या दाराबाहेर होता, खेळ सुरू होताना प्रत्येकाचा सरदार जिथे असतो तिथेच. अठरा दिवसांत तो घोडा एक पाऊल हललेला नव्हता. दुसऱ्या दिवशी मी तो किल्ला घेऊ शकत होतो. मला ते बरं वाटेना. वयस्कर माणूस आहे, सैन्य कसं भरती करायचं हेच कदाचित कोणी समजावलं नसेल. त्यांच्या बारीला आत जाऊन दोन मिनिटांत दाखवावं, असं मी ठरवलं.

दुसऱ्या दिवशी चार वाजून गेल्यावर मी दार लोटलं. खोलीच्या नियमांत ते बसत नव्हतं.

काका संगणकाकडे पाठ करून बसले होते. फोन मांडीवर, स्पीकर चालू. पलीकडून सुनेचा आवाज आला, "आई इचारतत, खंय पोचलात?"

"चिपळूण सोडलंय," काका फोनवर वाकून, सावकाश, एकेक शब्द सुटा करत म्हणाले. "पूल वलांडलंय. एक ट्रकवालो गावलो, तेना सावर्ड्यापर्यंत घेतलो. पाय बरे आसत. आज एका देवळात पडतंय. तू पेज खाल्लंस?"

पलीकडे एक जड, न कळणारा आवाज आला. सुनेने तो उलगडून सांगितला. "खाल्ली म्हणतत. विचारतत, घाट लागलो काय?"

"कशेडी कवाच मागे टाकलंय. आता घाट नाय मोठो."

त्यांनी मला पाहिलं होतं. बोलणं थांबवलं नाही. उद्या परत फोन करतो असं सांगून फोन ठेवला आणि मग विचारलं, "लिवतलंस?"

"नाही."

"मगे बस. बारी माझी आसा, पण बस."

चौदा दिवस पुन्हा मोजायला घेतले त्या दिवशी बायकोने जेवण सोडलं होतं. सुनेने चमचा पुढे केला की तोंड फिरवून घ्यायची. काकांनी त्या दुपारी तिला सांगितलं की मी निघालोय, पनवेलपर्यंत चालत आलोय. संध्याकाळी तिने अर्धी वाटी पेज घेतली. तेव्हापासून ते रोज थोडे पुढे जात होते. पेण, माणगाव, महाड, पोलादपूर, खेड. किती जायचं हे त्यांनी या खेळावरून ठरवलं होतं: एका दिवसात घोड्याला जेवढी पावलं मिळतात तेवढीच, जास्त नाही. गॅलरीत सगळ्या मजल्यांचे कान होते आणि खोलीत आम्ही तिघे. हे सांगायला दुसरी जागा नव्हती.

"पण रस्तो संपाक इलो," ते म्हणाले. "तीन-चार दिसांत घराक पोचतंय. मगे काय सांगू?"

बातमीतली जागा कमी करणं हे माझं काम होतं. वाढवायची कशी, हे त्या दिवशी पहिल्यांदा पाहावं लागलं. मी वहीतलं नकाशाचं पान उलटलं आणि पाठीमागे गावं लिहिली. चिपळूणनंतर सावर्डे, मग संगमेश्वर. तिथे पायाला फोड आला म्हणून एक दिवस थांबता येईल. मग लांजा, राजापूर, खारेपाटणचा नाका. इमारत उघडायला पाच दिवस होते. पुढचे पाच मुक्काम झाले. काकांनी पान घडी करून खिशात ठेवलं.

माझ्या बारीला मी आत गेलो आणि बसून राहिलो. लाल किल्ला समोर होता. तो घेतला असता तर आणखी सात दिवसांनी काकांच्या हातून चारची वेळ गेली असती. मग हिरवा किल्ला आठवला. आचाऱ्यांचे पाच दिवस संपले होते, दोन उरले होते. मी सैन्य मागे वळवलं, हिरव्या किल्ल्यातले पहारेकरी काढून घेतले आणि तो उघडा सोडला.

"दादा," बाहेर येऊन मी आचाऱ्यांना म्हटलं, "तुमचा किल्ला रिकामा केलाय. तुमच्या बारीला नुसते आत जा."

"तुका कोणी सांगितला?"

"कोणी नाही."

दुसऱ्या दिवशी आचारी आत गेले आणि दोन मिनिटांत त्यांनी दार उघडून मेकॅनिकला हाक मारली.

"अरे, इकडे ये. घोडो चलता कसो?"

मेकॅनिक दारात आला. "आचारीबुवा, एकोणीस दिवस झाले आपण खेळतोय."

"मगे काय झाला?"

"एकोणीस दिवस तुम्ही काय करत होता आत?"

आचाऱ्यांनी माझ्याकडे आणि काकांकडे पाहिलं. मग म्हणाले, "निजत होतंय. हात पसरून."

दोन्ही हात आडवे पसरून ते दाखवू लागले तेव्हा एक हात दाराच्या चौकटीला लागला. काका हसले. मेकॅनिक कठड्याकडे तोंड करून म्हणाला की तोही काही खेळत नाही, पंख्याखाली नुसता बसतो, कोणी बोलत नाही म्हणून. मग त्याने आत जाऊन आचाऱ्यांचा घोडा किल्ल्यात नेऊन दिला. चौघांत खेळत असलेला मी एकटाच होतो. मी एक किल्ला, पाच खाणी आणि नकाशाचा निम्मा भाग जिंकला होता, आणि समोर कोणी नव्हतं.

काकांच्या फोनबद्दल मी कोणाला सांगितलं नाही. पण दार पातळ होतं, आणि मला वाटतं त्या दोघांना ते माझ्या आधीपासून माहीत होतं. चार वाजले की आचारी गॅलरीत मोठमोठ्याने बोलू लागत. समोरच्या चाळीतल्या माणसाला मिसळीची कृती ओरडून सांगत. काकांना टोमणे आधीपेक्षा वाढले. "काकांनू, घोडो लंगडो झालो काय?" दर पाच मिनिटांनी. आतलं काही बाहेर ऐकू येत नव्हतं.

दरम्यान मी काकांचा पासाचा अर्ज भरला. सुनेने सासूच्या आजाराचा कागद फोनवर पाठवला, गावाने शाळेत ठेवण्याच्या अटीवर येऊ देण्याचं पत्र दिलं. काका लांजाला होते तेव्हा अर्ज गेला. राजापूरला होते तेव्हा पालिकेचा डॉक्टर येऊन चौघांना तपासून गेला. खारेपाटणच्या नाक्यावर त्यांना अडवलेलं होतं तेव्हा जिन्याचा पत्रा निघाला.

त्याच्या दुसऱ्या दिवशी, खेळातल्या चौथ्या आठवड्याचा चौथा दिवस, काका चार वाजता आत बसले. दहा मिनिटांत दार उघडलं. पास आला होता, आणि परळहून कणकवलीला जाणाऱ्या एका गाडीत एक जागा होती. गाडी तासाभरात निघणार होती. त्यांनी दोन सदरे, धोतर आणि औषधं पिशवीत भरली. आचाऱ्यांनी चपात्या बांधून दिल्या.

"ट्रंक?" मी विचारलं.

"ट्रंक रवांदे." म्हणजे त्यांची जागाही राहिली.

"आणि बारी?" मेकॅनिकने विचारलं. पडद्यावर लाल सरदार किल्ल्याच्या दाराशी उभा होता.

"इल्यावर करतंय," असं म्हणून काका जिना उतरले. जवळजवळ महिन्याभरात त्यांनी उतरलेला तो पहिला जिना. कठडा धरून, एकेक पायरी बघत.

दुसऱ्या दिवशी दुपारी त्यांचा मला फोन आला. "नाक्यार आसंय. खारेपाटण. ह्या खेपेक खराखुरा." नाव लिहून घेतलं, कपाळाला यंत्र लावलं, दोन तासांनी सोडलं. संध्याकाळपर्यंत ते गावच्या शाळेत पोचले. वर्गात बाकं सरकवून सतरंजी टाकलेली होती. शाळेपासून त्यांचं घर दोनशे पावलांवर, मध्ये एका व्हाळाचं पाणी आणि आंब्याची रांग. घराचं छप्पर दिसायचं, दार दिसत नव्हतं.

त्यांनी बायकोला फोन करून सांगितलं की मी शाळेत आहे.

तिने विश्वास ठेवला नाही. पनवेलवर ठेवला होता, महाडवर ठेवला होता, ट्रकवाल्यावर आणि पायाच्या फोडावर ठेवला होता. पण दोनशे पावलांवर आलेला माणूस घरी येत नाही, हे तिला पटेना. "शाळेत आसा तर घराक कित्याक येना?" एवढंच ती सुनेला पुन्हा पुन्हा विचारत राहिली. इतके दिवस आपल्याला फसवत होते, माणूस अजून मुंबईतच आहे, असं तिने धरलं. त्या संध्याकाळी तिने तोंड उघडलं नाही. दुसऱ्या सकाळीही नाही.

"आता काय सांगू?" काकांनी मला फोनवर विचारलं. "तू सांग. तू पेपरवालो."

जे खरं होतं ते सांगून झालं होतं.

सुचलं ते काकांनाच. शाळेच्या पडवीत रुळाचा एक तुकडा टांगलेला होता. तीच घंटा. ते स्वतः त्या शाळेत होते तेव्हाही तो तिथेच होता आणि चौथीत असताना तो वाजवायची बारी त्यांची असे. शाळा दीड महिन्याहून जास्त बंद होती. तो रूळ वाजला तर तिथे माणूस आहे, याशिवाय दुसरा अर्थ निघणार नव्हता. चार वाजता त्यांनी लोखंडी कांब घेतली आणि तो वाजवला. सून फोन हातात धरून सासूच्या उशाशी बसली होती.

गावकमिटीची माणसं धावत आली, लांब उभी राहून ओरडली. बंद शाळेची घंटा वाजवल्याने गाव घाबरलं होतं. काकांनी काय ते सांगितलं. थोड्या वेळाने त्यांच्यातलाच एक जण म्हणाला, रोज चार वाजता वाजवा, पण दहाच ठोके.

घंटा ऐकल्यावर तिने मान शाळेच्या बाजूला वळवली, असं सुनेने सांगितलं. मग पेज मागितली.

पंधराव्या दिवशी काका ती दोनशे पावलं चालून घरी गेले. त्यानंतर ती दोन भातकापण्या जगली.

इकडे काका गेल्यानंतर चार दिवसांनी आमच्याच मजल्यावर रुग्ण निघाला आणि पत्रा पुन्हा लागला. आम्ही तिघे आत, मेकॅनिकने यंत्र सुरू केलं. पडद्यावर लाल राजा.

"एक बटण दाबलं की पुढे जाईल," मेकॅनिक म्हणाला. "काका काही आता येत नाहीत. मारू का?"

"हात लावशीत तर बघ," आचारी म्हणाले. "ट्रंकेक लावतंस?"

मेकॅनिकने खेळ तसाच जतन केला आणि यंत्र बंद केलं. खेळासाठी ते पुन्हा लावलं गेलं नाही. पण दुसऱ्या दिवशी चार वाजता आचारी उठून गॅलरीत गेले, त्यांच्या मागे मेकॅनिक गेला आणि दार ओढून घेतलं. वयाने पहिली बारी आचाऱ्यांची, तरी खोलीत एकटा मी उरलो. बंद पडद्यासमोर बसून मला काय करावं ते कळेना. माझ्याकडे बाकीच्यांसारखं काही नव्हतं. अर्ध्या तासाने दार उघडून मी म्हटलं, झाली माझी. मग आचारी आत गेले. उरलेले सगळे दिवस आम्ही बाऱ्या अशाच घेतल्या.

आता त्या खोलीत आमच्यापैकी कोणी राहत नाही. काका मुंबईला परत आले नाहीत. प्रभादेवीच्या त्या इमारतीत आता बटणाची लिफ्ट आहे. दोन वर्षांनी मंडळाने त्यांची ट्रंक कोकणात जाणाऱ्या बसने पाठवून दिली आणि जागा गावातल्या एका नव्या माणसाला दिली. जतन केलेला डाव मेकॅनिकने मला पेन ड्राइव्हवर उतरवून दिला. तो माझ्या लॅपटॉपवर आहे. अधूनमधून उघडतो. महिना पहिला, आठवडा चौथा, दिवस चौथा. निळ्याकडे एक किल्ला आणि पाच खाणी आहेत, पण निळ्याला काही करता येत नाही.

हे लिहिण्याआधी मी काकांना फोन केला, कारण त्या दुपारी मी लिहिणार नाही असं म्हटलं होतं. ते म्हणाले, आता लिही, ती गेली, आता कोणाला काय कळायचं राहिलंय. मग विचारलं, "ता यंत्र आसा अजून?"

"यंत्र नाही. डाव आहे."

"बारी कोणाची?"

"तुमचीच."

"मगे रवांदे," काका म्हणाले. "तुमी भायर थांबा."